सतरा नंबरचा फॉर्म

परंड्यातून सीना ओलांडली की करमाळा तालुका. कागदोपत्री तो सोलापूर जिल्ह्यात, आम्ही धाराशिवचे. पण सोयरिकी, ऊस आणि शिव्या दोन्ही काठांवर सारख्याच. त्यामुळं एप्रिल २०१६ मध्ये करमाळ्याकडंच चित्रीकरण झालेला ‘सैराट’ आला, तेव्हा आम्ही तो लग्नाची कॅसेट बघावी तसा बघितला. नायक-नायिका राहिले बाजूला. मागची विहीर कुणाची, यावरच निम्मा सिनेमा वाद चालला.

आत्याचं मात्र तिसरंच. आर्ची बुलेट चालवतेय, ट्रॅक्टर चालवतेय, आणि आत्या विचारतेय, “आरं, हिच्या शाळंचं काय?”

आर्ची झालेली रिंकू राजगुरू अकलूजची. दिग्दर्शक नागराज मंजुळेंनी निवडली तेव्हा शाळेतली पोर. सिनेमा लागायच्या आधीच राष्ट्रीय पुरस्कारांत तिचा खास उल्लेख झाला. आत्याला सांगितलं, तर म्हणाली, “ते झालं. गणिताला किती पडले?”

पुढं गर्दीपायी तिला शाळेत बसणं अवघड झालं आणि तिनं दहावीला बाहेरून बसायचा, सतरा नंबरचा फॉर्म भरला. आमच्याकडं हा फॉर्म म्हणजे घरात हळू आवाजात बोलायची गोष्ट. आर्चीनं त्याला एकदम इभ्रत आणली. २०१७ च्या निकालादिवशी आमच्याही घरात दहावीचा एक दिवटा होता. आत्यानं आधी आर्चीचा निकाल विचारला. ६६.४० टक्के. मग दिवट्याकडं बघितलं आणि नुसतीच पदराची गाठ सोडून पुन्हा बांधली.

तिचा ‘कागर’ आला, ‘झुंड’मध्ये ती आणि ‘सैराट’चा नायक आकाश ठोसर थेट अमिताभसोबत दिसले. आमच्या चहाच्या टपरीवर त्यांची बढती झालीच नाही. ती आर्ची, तो परश्या. तरुण पोरांच्या सिनेमानं नाव दिलं की ते आधार कार्डापेक्षा पक्कं बसतं. आत्यानं यातला एकही सिनेमा बघितला नाही, पण २०२० मध्ये आर्चीला बारावीत ८२ टक्के पडल्याचं कळल्यावर तिनं घरी शिरा केला. दिवटाही खाऊन गेला.

तरुण पोरांच्या सिनेमाचं हे वेड काही आपल्याकडंच नाही. जपानात तरुणाईच्या सिनेमाला ‘सेइशुन एइगा’ म्हणतात. त्यातली लाडकी नायिका योशिनागा सायुरी. १९६२ मध्ये ओतशाळांच्या गावातल्या एका शाळकरी पोरीची तिची भूमिका पडद्यावर आली, तेव्हा ती १७ वर्षांची होती. तिच्या भक्तांना तिकडं ‘सायुरिस्त’ असं खास नावच आहे. म्हणजे टपरी तिथंही असणार. मी हे सगळं आत्याला सांगितलं, आणि शेवटी हुकमाचं पान टाकलं: सिनेमे करता करता ही बाई वासेदा विद्यापीठातून १९६९ मध्ये पदवीधर झाली, तीही दुसऱ्या नंबरानं.

आत्या शेंगा फोडत होती. हात थांबला.

“मग पहिलं कोण आलं?”