दाजींचा हाफ डे

कुरुंद्यात कुणाकडं पाव्हणा उतरला की त्याच्या चपला पायरीवर पडायच्या आत दाजींना वर्दी लागते. कोण सांगतं, कसं कळतं, हे आजवर कुणाला उमगलेलं नाही. पाव्हणा पाणी पिऊन तांब्या खाली ठेवतो न ठेवतो तोच दारात एम एटी गाडीचा आवाज येतो आणि मागोमाग दाजींचा. ‘‘चला पाव्हणं. ऊन चढायच्या आत निघू. जेवायला परत आणून सोडतो.’’ विचारायची पद्धत नाही.

दाजी मूळचे आमच्या गावचे नव्हेत. परभणीकडचे. सासऱ्याला मुलगा नव्हता आणि रान होतं, म्हणून घरजावई होऊन आले ते इथंच मुरले. एका घरचा जावई म्हणून आलेला माणूस हळूहळू अख्ख्या गावाचा दाजी झाला. म्हातारे त्यांना दाजी म्हणतात, त्यांची नातवंडंही दाजीच म्हणतात, आणि ग्रामसेवकसुद्धा कागदावर सही घेताना क्षणभर अडखळतो, कारण खरं नाव त्यालाही आठवत नाही.

गावात जन्मलेल्याला गावाचं कौतुक नसतं. कुरुंद्याचा माणूस वसमतकडं बघतो, वसमतचा नांदेडकडं, नांदेडचा पुण्याकडं. दाजींना एकदा आम्ही म्हणालो, ‘‘दाजी, तुम्हाला या गावाचं एवढं काय हो?’’ तर म्हणाले, ‘‘तुम्हाला फुकट मिळालंय. मी लग्न करून मिळवलंय.’’

पाव्हण्याला गाव दाखवायची त्यांची फेरी कायम अर्ध्या दिवसाची. दुपारनंतर दाजी झोपतात आणि ती झोप मोडायची परवानगी खुद्द औंढ्याच्या नागनाथालाही नाही. फेरी प्रायव्हेटही असते, कारण एम एटीवर मागं एकच माणूस मावतो. पाव्हणा जोडीनं आला असेल तर बाईमाणसाला घरी ठेवून दाजी नवऱ्याला नेतात आणि म्हणतात, ‘‘ह्यांनी बघितलं म्हणजे तुम्ही बघितलंच की.’’

सुरुवात नेहमी पुरापासून. २०२२च्या जुलैमध्ये आसना नदीचं पाणी गावात शिरलं होतं, घराघरात चिखल झाला होता, हे खरं. दाजी पाव्हण्याला एका भिंतीसमोर उभं करतात आणि हात लावून दाखवतात, पाणी इथपर्यंत होतं. पाव्हणा साधा असेल तर हात कमरेला लागतो. बँकेचा साहेब असेल तर छातीला. एकदा मंत्रालयातून कुणी आलं होतं, तेव्हा दाजी चवड्यावर उभे राहिले होते.

तिथून टोकाई गड. गड म्हणजे टेकडी, वर टोकाईचं देऊळ. वर चढून दाजी पूर्वेपासून पश्चिमेपर्यंत हात फिरवतात: हा साखर कारखाना, देवीच्याच नावाचा, हे हळदीचं रान, तो औंढ्याचा रस्ता, आणि हे, इथून सुरू होतं ते सगळं कुरुंदा. शिकलेला पाव्हणा इथं हमखास विचारवंत नरहर कुरुंदकरांचं नाव काढतो आणि त्यांचा वाडा कुठला म्हणून विचारतो. दाजी खोटं बोलत नाहीत. ‘‘जन्म नांदापूरचा, नोकरी नांदेडला पीपल्स कॉलेजात. पण आडनाव कुठलं? बघा बरं.’’ मग जरा थांबून, खासगीत सांगितल्यासारखं, ‘‘मी त्यांचं वाचलंय. ‘श्रीमान योगी’ला प्रस्तावना आहे ना, ती. पुढची कादंबरी राहिली.’’

परवा फाल्गुनात एका घरचा नवा जावई आला. पुण्यात कॉम्प्युटरच्या नोकरीत, लग्नानंतर बायकोला घेऊन थेट पेरूला जाऊन आलेला. गावात बातमी अशी फिरली की तो पेरूच्या बागा बघून आला. एवढ्या लांब पेरू बघायला कामून गेला असेल, अशी दोन दिवस पारावर चर्चा झाली. दाजी मात्र सावध झाले. एका गावात दोन जावई म्हणजे जबाबदारी असते.

एम एटीवर बसल्या बसल्या त्या पोरानं सांगायला सुरुवात केली. कुस्को म्हणून शहर, इंका राजांची राजधानी, समुद्रसपाटीपासून ३,४०० मीटरवर. तिथं त्यांनी अर्ध्या दिवसाची प्रायव्हेट टूर घेतली होती. गाडी, गाईड, सगळं दोघांपुरतं. शहराच्या डोक्यावर साक्सायवामान म्हणून दगडी तट, पंधराव्या शतकातला. सगळ्यात मोठा दगड शंभर टनांच्या वर, आणि चुना म्हणून नाही. दगडाला दगड असा बसवलाय की सुरी आत जात नाही.

दाजींनी गाडी थांबवली. खाली उतरले. ‘‘चुना नाही?’’

‘‘नाही.’’

‘‘जावईबापू, बसा. औंढ्याला चला.’’

औंढा नागनाथाचं देऊळ यादवकाळातलं, हेमाडपंती. हेमाद्री पंडित हा यादवांचा प्रधान, तेराव्या शतकातला. त्याच्या नावानं ही बांधणी ओळखली जाते. दगडाला खाच, खाचेत दगडाचं कूस, आणि वजनावर वजन. वरचं शिखर नंतरच्या जीर्णोद्धारातलं, पण खालचं अंग पाहावं ते जुन्या कारागिराचं. दाजींनी पोराला भिंतीशी नेलं आणि खिशातला पेन काढून दिला. ‘‘घाला. कुठं जातो ते दाखवा.’’ पेन कुठंच गेला नाही. देवळातला एक माणूस मात्र धावत आला.

कुस्कोला १९५० साली मोठा भूकंप झाला, त्यात स्पॅनिश लोकांनी इंकांच्या भिंतीवर बांधलेला मठ पडला आणि खालची इंकांची भिंत राहिली, असं पोरानं सांगितलं. दाजींना भूकंपही नवा नाही. वसमत, औंढा, कळमनुरी या पट्ट्यात जमिनीतून गूढ आवाज येणं ही रोजची गोष्ट, आणि २१ मार्च २०२४ला सकाळी सकाळी तर चांगलाच झटका बसला होता. ‘‘मी चहा पीत होतो,’’ दाजी म्हणाले, ‘‘कप हलला. कपाला चुना नव्हता म्हणून वाचला.’’ हे शास्त्र आम्हाला अजून लागलेलं नाही.

देवळाच्या मागं नंदी आहे. नामदेव कीर्तनाला उभे राहिले, त्यांना मागच्या बाजूला जायला सांगितलं, तेव्हा देऊळच त्यांच्याकडं फिरलं, ही कथा सगळ्यांना ठाऊक. दाजी ती सांगत नाहीत, करवतात. पाव्हण्याला मागं उभं करून डोळे मिटायला लावतात, हाताला धरून अर्धा फिरवतात आणि मग विचारतात, ‘‘आता कोण फिरलं, देऊळ का तुम्ही?’’ द्वारकेजवळही एक नागेश्वर आहे आणि तिकडचे लोक त्यालाच ज्योतिर्लिंग म्हणतात, एवढं फक्त बोलू नये. बोललेला एक पाव्हणा औंढ्याहून एसटीनं परत आला होता. गाभारा जमिनीखाली, वाट अरुंद. ‘‘डोकं सांभाळा,’’ असं दाजी नेहमी आवाज आल्यानंतर म्हणतात.

परतताना कारागिरी. कुंभाराच्या चाकाला आता मोटार आहे, बटण दाबलं की फिरतं. पण पाव्हणा आला की दाजी लांबूनच हाक मारतात, ‘‘बंद कर!’’ मग तो बिचारा कोपऱ्यातली काठी काढतो, चाकाच्या खाचेत घालून गरागरा फिरवतो, आणि दाजी ‘‘बघा, वाडवडिलांपासून असंच’’ म्हणतात. ‘‘दाजी, पाव्हणे माठ घेणार आहेत का नुसतंच फिरवू?’’ हा कुंभाराचा प्रश्न ते ऐकत नाहीत. पुण्याचा जावई हसला. म्हणाला, तिकडं चिंचेरो गावातही विणकर बाया गाडी दिसली की लाल झगे घालून मागाशी बसतात. दाजींना हे फार आवडलं. एवढ्या लांब आपल्यासारखा विचार करणारं कुणीतरी आहे याचं समाधान त्यांच्या पाठीवरून दिसत होतं.

त्या चिंचेरोच्या बाईनं त्यांना एक जादू दाखवली होती. निवडुंगावर कोचिनील म्हणून पांढरट किडा होतो, तो तळहातावर चिरडला की लालभडक रंग, आणि वर लिंबू पिळलं की तोच रंग नारिंगी. पोरगं अजून त्या जादूत होतं. दाजी काही बोलले नाहीत. गाडी सरळ एका शेतात घातली.

फाल्गुनात आमच्याकडं हळदीची घाई. पूर्वी कढया लागायच्या, आता ट्रॅक्टरमागं वाफेचा कुकर येतो, ड्रममध्ये हळद शिजते आणि अर्ध्या शिवाराला तिचा वास लागतो. शिजली का बघायला गडी हळकुंडात काडी टोचतो. काडी लोण्यात गेल्यासारखी गेली की ड्रम उपडा. मग पंधरवडाभर उन्हात, मग पॉलिशच्या ड्रममध्ये घासून काढायची, तेव्हा कुठं तिला बाजारातलं रूप येतं. वसमतच्या हळदीला २०२४ साली भौगोलिक मानांकन मिळालं, तेव्हापासून दाजी हळकुंड हातात घेताना आधी हात पुसतात.

दाजींनी चिमूटभर हळदपूड पोराच्या तळहातावर टाकली, दोन थेंब पाणी सोडलं. मग बंडीच्या खिशातून तंबाखूची डबी काढली. तिच्या दुसऱ्या टोकाच्या खणातला चुना नखावर घेतला, तळहातावर टेकवला आणि अंगठ्यानं मळायला लागले, बार मळतात तसे. बघता बघता पिवळं गेलं आणि तळहात लाल झाला. कुंकू असंच करायचे पूर्वी. पोरगं हात उन्हात धरून बघत राहिलं, फोन काढायचंही विसरलं.

‘‘किडा मारायची गरज नाही,’’ दाजी म्हणाले.

घराकडं येताना त्यांनी हळूच चौकशी केली. तिकडचा गाईड किती घेतो? पोरानं डॉलरमधला आकडा सांगितला, मग रुपयांत करून सांगितला. एम एटी थोडी वाकडी चालली.

‘‘एवढ्यात चहा धरला होता का?’’

‘‘नाही. चहा ज्याचा त्यानं.’’

‘‘आणि तंबाखू?’’

‘‘तो खात नव्हता.’’

दाजींनी मान हलवली. पाव्हण्याला दारात सोडलं, आत जाऊन सासूबाईंना हक्कानं चहा टाकायला सांगितला आणि ओसरीवर टेकत म्हणाले, ‘‘महाग आहे. आणि माणूस कामाचा दिसत नाही.’’