आश्चर्याचे माहात्म्य

वय वाढले की माणसाला कशाचे नवल वाटेनासे होते. आपल्या आरोग्य प्रशासनाने मात्र नवल वाटण्याची शक्ती जिवापाड जपली आहे. गडचिरोलीच्या भामरागडात पाऊस लागतो, पर्लकोटा नदी फुगते, पूल पाण्याखाली जातो, माडिया आदिवासींची गावे तुटतात आणि हिवताप वाढतो. हा क्रम तिथल्या शाळकरी पोरांनाही पाठ आहे. तरी दरसाल ही बातमी कचेरीत पोचली की सगळे थक्क होतात. इतके निरागस मन राखायला साधना लागते.

हिवतापाचा परजीवी डासाच्या पोटात असतो, हे रोनाल्ड रॉसने सिकंदराबादेत १८९७ सालीच दाखवले. आज बोटाच्या थेंबभर रक्तावरून गावची आरोग्य स्वयंसेविका आशाताई अर्ध्या तासाच्या आत निदान करते. फॅल्सिपेरम हा घातक हिवताप निघाला तर तीन दिवसांच्या गोळ्या. उशीर झाला तर तो मेंदूपर्यंत जातो. म्हणजे फवारणी, मच्छरदाण्या आणि गोळ्या पावसाआधी पोचल्या की झाले. पण मग थक्क कशाने व्हायचे? डॉक्टरांची पदे रिक्त असतात त्यामागेही हेच शहाणपण असावे. जागेवर माणूस असला की त्याला आधीच कळते आणि आश्चर्याचा विचका होतो.

रोग्याला खाटेच्या कावडीत घालून नातेवाईक नाले ओलांडतात, त्याला लोकसहभाग म्हणावे. रोगी दगावलाच तर ‘आधी पुजाऱ्याकडे गेला’ हे कारण अहवालाला पुरते. हा पुजारी म्हणजे गावचा मांत्रिक; तो गावातच राहतो, मध्यरात्री उठतो, बदली मागत नाही. त्याच्या या गैरवर्तनाची नोंद अहवालात नसते.

याच जिल्ह्यात डॉक्टर अभय आणि राणी बंग यांनी गावातल्या बायांना शिकवले आणि नवजात बाळांचा जंतुसंसर्ग घरच्या घरी आटोक्यात येतो हे दाखवले. १९९९ मध्ये ‘लॅन्सेट’ या वैद्यकीय नियतकालिकाने ते छापले. देशभरच्या आशाताईंकडे घरी जाऊन नवजात बाळांची काळजी घेण्याचे काम द्यायला २०११ उजाडले. बारा वर्षे आश्चर्य टिकवणे येरागबाळ्याचे काम नव्हे.

आता २०३० पर्यंत देश हिवतापमुक्त करण्याचा संकल्प आहे. तो तडीस जावा असे वाटत असेल, तर कुणीतरी धीर करून कचेरीत एवढेच सांगावे: जूनच्या आधी मे येतो.