दोरीवरून की दोरीखालून

सोलापुरात जन्मलेल्या आणि तेथेच पिकलेल्या मनुष्याने फुटबॉलविषयी लेखणी उचलावी, हा वस्तुतः अधिकारातिक्रमच होय. आमच्या शहराचा लौकिक चादरीवर, शेंगाचटणीवर आणि सिद्धेश्वराच्या गड्ड्यावर उभा आहे. खेळाचे म्हणाल तर पार्क मैदानावर क्रिकेट पाहण्याची आम्हांस हौस. आणि वैशाखात पारा ४० अंशांच्या वर चढला असता, ज्यात सर्वांनाच एकदम धावावे लागते त्या खेळापेक्षा, ज्यात अकरांपैकी नऊ जण सावलीत स्वस्थ बसून राहू शकतात तो खेळ आमच्या हवामानास अधिक मानवतो, असे माझे प्रामाणिक मत आहे.

परंतु सोयरीक मनुष्याला कोणत्या मुलखात नेऊन सोडील याचा नेम नाही. माझी सासुरवाड कोल्हापूर जिल्ह्यातील एका खेड्यात. तेथील तालीम मंडळाच्या फुटबॉल संघाचा अमृतमहोत्सव करावयाचे ठरताच, “दाजी, तुम्ही लिवता न्हवं? मग मंडळाचा इतिहास तुमीच लिवायचा,” असा हुकूम थोरल्या मेहुण्यांनी सोडला, आणि पानात तांबडा रस्सा वाढला जात असताना सासरच्या माणसास नकार देण्याचे धैर्य निदान मला तरी झाले नाही.

तालीम मंडळ आणि फुटबॉल हा समास ऐकून सोलापूरकर दचकेल, म्हणून थोडा खुलासा करतो. आमच्याकडे तालमीत गेलेला मनुष्य अंगाला माती लावून बाहेर पडतो; करवीर नगरीत तो फुटबॉल घेऊन बाहेर पडतो. पाटाकडील, दिलबहार, खंडोबा, बालगोपाल ही नावे मी प्रथम ऐकली तेव्हा मला ती मल्लांच्या आखाड्यांचीच वाटली, आणि तशी ती आहेतही. पण शाहू स्टेडियमवर ज्यांच्यासाठी सबंध पेठा घसा बसेपर्यंत ओरडतात, ते संघही हेच. १९४० साली कोल्हापूर स्पोर्ट्स असोसिएशन निघाली आणि या वैराला वेळापत्रक मिळाले. पोलिसांचा बंदोबस्त लागतो तो अर्थात खेळाडूंसाठी नव्हे. त्याच मातीतला अनिकेत जाधव २०१७ साली सतरा वर्षांखालील विश्वचषकात भारताकडून खेळला, हे मेहुण्यांनी मला जेवताना तीनदा सांगितले, जणू त्याला पहिला पास यांनीच दिला होता.

आता इतिहास. महोत्सव आधी ठरला होता. स्थापनेचे वर्ष त्याला जुळेल असे मागाहून काढावयाचे होते. एका पक्षाच्या मते बेळगावच्या मराठा पलटणीतून रजेवर आलेल्या कोणा जवानाने पहिला चेंडू आणला. दुसऱ्या पक्षाच्या मते त्याचे श्रेय शाळेच्या ड्रिलमास्तरांचे. आणि तिसरा पक्ष, जो मला सर्वांत विश्वसनीय वाटला, तो सांगे की शेजारच्या गावाने संघ काढल्याची वर्दी येताच त्याच रात्री आपला काढण्यात आला, आणि खेळ कोणता ते दुसऱ्या दिवशी कळले. दाखला म्हणून लाल बासनात गुंडाळलेले मंडळाचे दप्तर माझ्यापुढे ठेवण्यात आले. त्या कीर्दीत गोलांचा कोठेही हिशेब नव्हता, परंतु लिंबे, खडीसाखर, रेघा आखण्याची फक्की, ब्लॅडरचे पंक्चर आणि चेंडूची वादी यांचा पैन्‌पैचा होता. एका पानावर ‘पंचांचा चहा’ अशी रक्कम लिहून खोडलेली, आणि खाली वेगळ्या शाईत दुरुस्ती: ‘जिंकल्यास.’

मात्र ज्या एका सामन्यावर मंडळाचा सारा इतिहास अडून बसला आहे, तो कोणत्याही दप्तरात नाही. गोलाचे खांब तेव्हा बांबूचे असत आणि वर आडव्या लाकडाऐवजी काथ्याची दोरी बांधीत. मला याचे हसू आले; पण मग आठवले की, १८६३ साली लंडनात या खेळाचे पहिले नियम झाले तेव्हा दोन खांबांच्या वर काहीच नव्हते, फीत आली ती १८६६ साली, आणि आडवे लाकूड सक्तीचे व्हावयास १८८२ उजाडावे लागले. म्हणजे आमचे सासरचे गाव निदान १८६६ पर्यंत येऊन पोहोचले होते. त्या दिवशी शेजारगावच्या गड्याने अनवाणी पायाने असा काही टोला हाणला, की दोरी हलली, चेंडू पलीकडच्या शाळूत गेला, आणि तो दोरीवरून गेला की दोरीखालून, याची तकरार पंचांनी तलाठ्याकडे, तलाठ्यांनी पाटलांकडे आणि पाटलांनी परमेश्वराकडे वर्ग केली.

त्या वेळचे गोलरक्षक आज पंच्याऐंशीच्या घरात आहेत. अनवाणी खेळल्याबद्दल मी किंचित आश्चर्य दाखविताच त्यांनी मला खडसावले की १९४८ साली लंडनच्या ऑलिंपिकात आपली पोरे अनवाणी फ्रान्सशी लढली. ती २-१ अशी हरली आणि दोन पेनल्टी फुकट गेल्या, हा तपशील त्यांनी वगळला, मीही आठवण दिली नाही. मग त्यांनी उजव्या हाताची वाकडी करंगळी माझ्या चष्म्याच्या काचेसमोर धरली. “हिला लागून वर गेला. वर गेल्याबिगार करंगळी मोडंल का?”

या युक्तिवादाची रुजुवात करावी म्हणून मी टोला हाणणाऱ्या गड्याचा शोध घेतला. तो फार दूर नव्हता. तो याच गोलरक्षकांचा व्याही निघाला आणि ओसरीवर तंबाखू मळत बसला होता. “दोरीखालनं,” तो शांतपणे म्हणाला, आणि चंची व्याह्यांपुढे सरकवली.

मी दोन्ही जबान्या शब्दशः उतरवून, सामना अनिर्णित मानावा, असा मध्यम मार्ग स्मरणिका समितीपुढे ठेवला. मेहुण्यांनी हस्तलिखित चाळले, त्या ओळीवर बोट ठेवले आणि खिशातून पेन काढून माझ्या हाती दिले.

“दाजी, सरळ ‘वरनं’ छापा. ज्यांचा खालनं गेलाय, त्यांनी आपली स्मरणिका काढावी की!”