दफ्तरकाका

काकांसमोर ‘आमचे पूर्वज सरदार होते’ असे चुकूनही म्हणू नये. म्हटलेच, तर पुढचा दीड तास मोकळा ठेवावा. काका चष्मा कपाळावर चढवतात, समोरच्याला आपादमस्तक न्याहाळतात आणि विचारतात, “सरंजामी की इनामी?” निम्मे सरदार इथेच गारद होतात. उरलेल्यांना ते पुढचा प्रश्न टाकतात, “स्वार किती?”

प्रश्न तसा रास्त असतो. सरंजाम म्हणजे फौज बाळगण्यासाठी तोडून दिलेला मुलुखाचा वसूल. गाव काही सरदाराच्या बापाचे होत नसे. अमुक इतके स्वार ठेवायचे, बोलावणे आले की हजर व्हायचे, हिशेब द्यायचा. चाकरीत कसूर झाली की सरंजाम जप्त. इनाम निराळे. ते देवाला, मठाला, शास्त्रीबुवांना, नाहीतर लढाईत कामी आलेल्याच्या मुलाबाळांना दिलेले, सारा माफ असलेले आणि वंशपरंपरेने चालणारे. वतन त्याहूनही निराळे. वतन म्हणजे पिढीजात काम आणि त्या कामाबद्दलचे हक्क. देशमुखाचे वतन, कुलकर्ण्याचे वतन, तसेच महाराचेही वतन. हे ऐकताना समोरच्याच्या चेहऱ्यावरचा रंग उतरत जातो, कारण तो आलेला असतो ‘राजघराणे’ असे ऐकायला आणि काका त्याला नोकरीच्या अटी वाचून दाखवत असतात.

काकांचे खरे नाव आमच्या सोसायटीत फार थोड्यांना ठाऊक आहे. सगळे त्यांना दफ्तरकाका म्हणतात. हयातभर बँकेत कर्जाची प्रकरणे तपासली, निवृत्तीनंतर हौस म्हणून मोडी लिपीचा वर्ग केला आणि माणूस कामातून गेला. ही जात फक्त पुण्यात आढळते असे कोणी समजू नये. सातारा, कोल्हापूर, नागपूर, बडोदे, ग्वाल्हेर, पार तंजावरसुद्धा. जिथे म्हणून मोडी कागदांचे रुमाल, म्हणजे कापडात बांधलेले गठ्ठे, आहेत, तिथे भिंग घेऊन बसलेला एक काका असतोच. पुण्यात त्यांची पैदास जास्त, कारण पुण्यात पेशवे दफ्तर आहे आणि इतिहासाचार्य राजवाड्यांनी १९१० साली काढलेले भारत इतिहास संशोधक मंडळही आहे. बाकीच्यांना निवृत्तीनंतर बाग असते, यांना दफ्तर असते.

एकदा दफ्तर अंगात भिनले की माणूस साधे बोलत नाही. सोसायटीचे अध्यक्ष हे काकांचे मुख्यप्रधान, खजिनदार पोतनीस आणि सेक्रेटरी अर्थातच पंत सचिव. सेक्रेटरी आधी खूश होते. मग काकांनी एका सभेत, कोणी विचारले नसताना, १७१९ साली बाळाजी विश्वनाथाने दिल्लीहून आणलेल्या सनदांचा विषय काढला आणि चौथाईची वाटणी समजावून सांगितली. वसुलातले २५ टक्के राजबाबती, ६ टक्के सचिवांचा साहोत्रा, ३ टक्के नाडगौडी आणि बाकीचा मोकासा, तो सरदारांना. सेक्रेटरींनी फक्त ‘सचिवांचे ६ टक्के’ एवढेच ऐकले. पुढच्या सभेत त्यांनी मेन्टेनन्सचा विषय निघताच “काका त्या दिवशी म्हणत होते ते...” अशी सुरुवात केली, तेव्हा सभेने त्यांना बसवले.

आमच्या गेटवरच्या रखवालदाराला ते हवालदार म्हणतात. त्याला प्रथम ते खटकले. काकांनी त्याला गेटपाशी थांबवून सांगितले, की शिवछत्रपतींच्या किल्ल्यावर हवालदार, सरनोबत आणि सबनीस हे तिघे सारख्या दर्जाचे असत, एकट्या कोणाच्या हुकमतीत गड नसे, म्हणजे एकाला फितवून तो घेता येत नसे. दरवाजाच्या किल्ल्या मात्र हवालदाराकडे. तेव्हापासून तो गडी किल्ल्यांचा जुडगा कमरेला लावून फिरतो आणि रात्री अकरानंतर आलेल्यांना बाहेर तिष्ठत ठेवतो. पंपाच्या खोलीलाही तीन कुलपे आणि तीन किल्लेदार असावेत, अशी काकांची सूचना होती. ती मान्य झाली. पहिल्याच रविवारी तिघांपैकी एक जण लग्नाला गेला आणि सोसायटी बादल्या घेऊन टँकरमागे धावली.

पण काकांचा खरा पराक्रम पार्किंगच्या तंट्यात दिसला. तळमजल्यावरच्यांच्या जागेत तिसऱ्या मजल्यावरचे गाडी लावतात, ही फिर्याद. काका म्हणाले, पोलीस नको, वकील नको, जुन्या पंचायतीसारखी गोतसभा बसवू. गच्चीवर सतरंज्या घातल्या. फिर्याद करणारा तो अग्रवादी, ज्याच्यावर फिर्याद तो पश्चिमवादी, असे काकांनी जाहीर करताच तिसऱ्या मजल्यावरचे उसळले, “पश्चिमवादी कोणाला म्हणता? माझा फ्लॅट पूर्वाभिमुख आहे!” त्यांना शांत करेपर्यंत काकांनी पुढचे पाऊल टाकले. “आता दोघांनी आपापला करीना लिहून द्या. पण त्याच्या आधी राजीनामे द्या.”

जुन्या रिवाजात हे बरोबरच होते. तंटा मुळापासून हकिकतवार मांडायचा तो करीना. आणि तुम्ही पंच जो निवाडा कराल तो आम्हाला मान्य, असे दोन्ही पक्षांनी आधी लिहून द्यायचे, तो राजीनामा. राजी असल्याचा कागद, म्हणून राजीनामा. पण तिसऱ्या मजल्यावरचे पडले कमिटी मेंबर. त्यांना वाटले, काका कमिटीतूनच जायला सांगतायत. त्यांनी तिथल्या तिथे कागदावर दोन ओळी खरडून अध्यक्षांच्या अंगावर फेकल्या. ते पाहून खजिनदारांनीही आपला दिला. त्यांचा या तंट्याशी काही संबंध नव्हता. ते बिचारे किती तरी महिने संधीच्या शोधात होते.

काकांनी दोन्ही कागद वाचले आणि खेदाने म्हणाले, “मसुदा चुकला.”

निवाडा काही झाला नाही. कोणीतरी विचारले की जुन्या काळी साक्षीपुराव्याने भागले नाही तर काय करीत. काका खुलले. उकळत्या तेलातुपात हात घालून धातूचा तुकडा बाहेर काढायचा, त्याला रवादिव्य म्हणत. मग हात पिशवीत बांधून वर मोहोर करीत आणि तिसऱ्या दिवशी पिशवी सोडून हात भाजला की नाही ते पाहत. सभेत एकदम शांतता पसरली. तिसऱ्या मजल्यावरच्यांनी दुसऱ्या दिवशी गाडी हलवली. सोसायटीच्या वहीत काकांनी या प्रकरणाची नोंद केली आहे. तारीख ‘सन सित अशरीन अर्बा मया व अलफ’. सित सहा, अशरीन वीस, अर्बा मया चारशे, अलफ हजार. म्हणजे शुहूर सन १४२६. खाली ‘मोर्तब सुद’, म्हणजे शिक्का झाला. हिशेबतपासनिसाने त्या पानावर पेन्सिलीने प्रश्नचिन्ह काढून ठेवले आहे.

काकांकडे लोक कागद घेऊन येतात. परवा एक गृहस्थ आले, मोटारीतून, बरोबर दोन माणसे, त्यातल्या एकाच्या हातात रेशमी कापडात गुंडाळलेली फ्रेम. फ्रेमच्या काचेवर हळदीकुंकवाची पुटे चढलेली. दर दसऱ्याला या कागदाची शस्त्रांबरोबर पूजा होते, असे त्यांनी सांगितले. कागद म्हणजे शिवकालीन सनद आणि खाली काढलेली तलवार ही घराण्याची निशाणी. नवा बंगला बांधला आहे, फाटकावर तीच तलवार कोरायची, तेव्हा सनदेवर नेमके काय लिहिले आहे ते कळले तर बरे.

काकांनी ओल्या फडक्याने काच पुसली. मोडीत शब्द तोडत नाहीत. आधी एक ओळ आखायची आणि तिला लटकवून लेखणी शक्यतो न उचलता अक्षर ओढत न्यायचे, त्यामुळे पाहणाऱ्याला ते ओघळ आल्यासारखे दिसते. काका बोट हवेत धरून, भिंगाखाली एकेक वळण सोडवत पुटपुटत होते. गृहस्थ कान देऊन ऐकत होते. मग काका थांबले.

“ही तलवार नाही. नांगर आहे.”

“म्हणजे?”

“लिहिता येत नसे त्यांनी सहीऐवजी धंद्याची खूण काढायची. कुणब्याचा, पाटलाचा नांगर. आणि ही सनदही नाही. हे येजितखत आहे.” येजितखत म्हणजे हरल्याची चिठ्ठी. गावच्या पाटीलकीबद्दल आपण भांडलो, गोतात खोटे झालो, वतनाशी आपला अर्थाअर्थी संबंध नाही, पुन्हा भांडलो तर दिवाणचे गुन्हेगार, असे हरणाऱ्याने स्वतः लिहून द्यायचे. लिहून देणाऱ्याचे आडनाव गृहस्थांचेच होते.

खोलीत कोणी बोलेना. बरोबरच्या माणसांपैकी एकाने फ्रेमवर हळूच रेशमी कापड ओढले. कित्येक दसरे हरल्याच्या कागदाला झेंडू वाहिले, हा विचार गृहस्थांच्या कपाळावर स्पष्ट वाचता येत होता, तोही बाळबोधीत.

काका दोन घोट पाणी प्यायले. त्यांना अशा वेळी घाई नसते. “पण येजितखत हरणारा लिहितो आणि जिंकणाऱ्याच्या हवाली करतो. हा कागद तुमच्या घरात निघाला. भांडण भाऊबंदांचे दिसते, आडनाव दोघांचे एकच. तेव्हा तुम्ही जिंकलेल्या शाखेचे. बहुतेक.” ते ‘बहुतेक’ गृहस्थांनी ऐकलेच नाही. ते ताडकन उठले आणि काकांच्या पाया पडले. काका म्हणाले, “हरणाऱ्याकडून गुन्हेगारी म्हणून दंड घेत आणि जिंकणाऱ्याकडून हरकी म्हणून नजराणा. सरकार काही दोघांनाही सोडत नसे.” हरकी म्हणून पाव किलो पेढे आले.

खरी पंचाईत पुढेच. गृहस्थांनी विचारले, मग पाटीलकीत मिळायचे काय? काकांनी मानपानाची यादी काढली. होळीला पहिली पोळी, पोळ्याला पहिला बैल, पानविड्याचा पहिला मान, चांभाराकडून जोडा, तेल्याकडून तेल. पहिला बैल कोणाचा, एवढ्यावरून पिढ्यान्‌पिढ्या डोकी फुटली आहेत. आणि गावचा वसूल थकला की सरकार पहिला हात घालायचे तो पाटलाच्याच गळ्याला. गृहस्थ काही काळ गप्प राहिले. फाटकावर आता काय कोरणार ते त्यांनी सांगितले नाही.

किताबांच्या बाबतीत काका भलतेच कडक आहेत. जहागीरदार म्हणजे ड्यूक आणि देशमुख म्हणजे बॅरन, असे लंडनला राहणाऱ्या कोणाच्या तरी जावयाने म्हटले होते. त्यांच्याकडे काकांनी आठ पानी पत्र धाडले. इंग्रजांनी दख्खनच्या सरदारांच्या पहिला वर्ग, दुसरा वर्ग, तिसरा वर्ग अशा याद्या केल्या, त्या ते रेल्वेच्या डब्यांसारख्या वाचून दाखवतात आणि हसतात. नागपूरकर भोसल्यांचा ‘सेनासाहेब सुभा’, दाभाड्यांचा आणि पुढे गायकवाडांचा ‘सेनाखासखेल’, आंग्र्यांचा ‘सरखेल’ ही नावे मात्र ते चवीने घेतात, बासुंदी ओठावर रेंगाळवावी तशी. आणि मग हमखास महादजी शिंद्यांवर येतात. बादशहाकडून पेशव्यांसाठी वकील-इ-मुतलकीचे पद मिळवले, १७९२ साली पुण्यात दरबार भरवून सवाई माधवरावांना त्याची वस्त्रे दिली, सारी दिल्ली ज्याच्या मुठीत, तो माणूस स्वतःला पाटील म्हणवून घेई. “पाटीलबुवा!” काका बोट नाचवत म्हणतात. “आणि आमचे हे मोटारवाले...”

मी एकदा त्यांना खिंडीत पकडायचा प्रयत्न केला. म्हटले, काका, शिवाजी महाराजांनी राज्याभिषेकाच्या सुमारास फारसी शब्द काढून संस्कृत घालायला राज्यव्यवहारकोश करवला. मुजुमदाराचा अमात्य झाला, सुरनिसाचा सचिव, डबिराचा सुमंत. आणि तुम्ही अजून करीना, हरकी आणि मोर्तबच घोळवत बसलात? काकांनी चष्मा पुसला. “कोश झाला. शिक्क्यात पेशवेही स्वतःला मुख्यप्रधानच म्हणवीत. पण लोकांच्या तोंडी पेशवेच राहिले. जीभ सनद मानत नाही.” आणि उत्तर जमले म्हणून स्वतःच टाळी मागितली.

काकू या सगळ्याला पसारा म्हणतात. त्यांचे शिक्षण काकांइतकेच झाले आहे आणि कान काकांपेक्षा तिखट आहेत. गेल्या दिवाळीत काका फराळाच्या डब्याकडे वळले, तेव्हा काकू आतूनच म्हणाल्या, “स्वयंपाकघर माझे इनाम आहे. तुम्हाला इथे मोकासासुद्धा नाही.” काकांनी हात मागे घेतला. शब्दप्रयोग बिनचूक होता.

तेव्हा तुमच्या माळ्यावरही असा एखादा जुना कागद असेल तर काकांकडे जरूर न्या. लॅमिनेट मात्र करू नका, चिकटपट्टी लावू नका आणि आजोबांनी काय सांगितले ते आधी बोलू नका. पण सातबाऱ्यावर ‘भोगवटादार वर्ग २’ दिसले म्हणून, वतनाची जमीन विकायला परवानगी लागते म्हणून घाबरून जाणार असाल, तर तहसील कचेरीत जा. वतने कशी मिळाली ते काका तुम्हाला बादशाही अमलापासून सांगतील. ती कशी गेली, हे १९५० आणि त्यानंतरच्या कायद्यांत आहे, आणि काका १८१८ च्या पुढचे काही गंभीरपणे वाचत नाहीत.