बोकाच!

पुण्यात मांजराचं पिल्लू सापडलं की पाठोपाठ एक काकाही सापडतात. त्यांना बोलवावं लागत नाही. जिन्याखाली, कुणाच्या तरी फर्निचरमधून उरलेल्या प्लायवुडच्या आडोशाला बोटभर शेपटीचं काहीतरी म्यावलं, भोवती दोन मुलं आणि एक वॉचमन जमला, की कोथिंबिरीची जुडी डोकावणारी पिशवी घेऊन काका थांबतात. चष्मा कपाळावर चढवतात, म्हणजे बघायचं साधन आधी बाजूला करतात, आणि पाच फुटांवरून निकाल देतात, "बोका. बोकाच." वय साठीपुढचं, निवृत्ती बँकेतून नाहीतर लष्कराच्या हिशेब खात्यातून, राहणं आता कोथरूड-कर्वेनगरला, पण मूळचे पेठेतले, हे तिसऱ्या वाक्यात कळतंच. फी नाही, अपॉइंटमेंट नाही. माणसांच्या बाबतीत हे काम कायद्यानं बंद आहे, दर सोनोग्राफी केंद्रात तशी पाटी असते. मांजरांना तो कायदा नसल्यामुळे काकांना रान मोकळं. आता, काकांचा निकाल चुकतो हे अख्ख्या सोसायटीला माहीत असतं. तरी पुढच्या पिल्लाच्या वेळी सगळे त्यांच्याकडेच बघतात. माझं म्हणणं असं, की काका मांजराचं लिंग सांगतच नाहीत. ते समोरच्याला हवा असलेला दाखला देतात, आणि त्यांची सगळी विद्या त्या दाखल्याच्या सोयीसाठी उभी असते.

आधी विद्या तपासू. पहिला पुरावा चेहरा. "तोंड बघा ना, कसं भरलेलं आहे!" यात तथ्य आहे. वयात आलेल्या बोक्याचे गाल पुरुषी संप्रेरकामुळे खरोखरच रुंद आणि जाड होतात. गणेश पेठेतल्या मासळी बाजारात कान फाटलेला, मान दिसेनाशी झालेला एखादा दादा बसलेला असतो, त्याला बोका म्हणायला तज्ज्ञ लागत नाही. पण ते गाल वयात आल्यावर येतात, आणि त्याआधी नसबंदी झाली तर धड येतही नाहीत. तीन आठवड्यांच्या पिल्लाला गाल नावाची गोष्ट अजून फुटायचीच असते. दुसरा पुरावा मिशा. मिशा भाटीलाही असतात, हे कुणी नजरेला आणून दिलं तर काका म्हणतात, "असतात हो, पण असा रुबाब नसतो." तिसरा स्वभाव. धीट असेल तर बोका, कोपऱ्यात बसत असेल तर भाटी, दुधाच्या पातेल्याकडे सरळ चालत गेलं तर बोका, आडून आडून गेलं तर भाटी. हे वर्णन मांजरांचं नाही, काकांच्या पिढीनं पाहिलेल्या स्थळांचं आहे. मुलांपैकी एखादीनं पिल्लाच्या पोटावरचे ठिपके दाखवून "मग हे काय?" असं विचारलं, तर काका "पुरळ आहे ते" म्हणून मोकळे होतात. वास्तविक स्तनाग्रं बोक्यालाही असतात, तेव्हा त्यांचा निकाल त्या ठिपक्यांनी मुळीच डळमळत नव्हता. पण खरं उत्तर यायला पोट निरखावं लागतं.

आणि खरा प्रश्न पोटाचाही नाही. तो शेपटीखाली आहे आणि दोन सेकंदांचा आहे. पिल्लाला उबदार हातात धरायचं आणि शेपटी हलकेच उचलायची. वरचं छिद्र गुदद्वार, ते सगळ्यांना सारखं. त्याच्या खाली बघायचं. बोक्याला थोडी जागा सोडून एक गोल ठिपका असतो, आणि मधल्या जागेत वृषणांची पिशवी, जी सहा-आठ आठवड्यांत बोटाला लागते. भाटीला मधली जागा कमी आणि ठिपक्याऐवजी उभी चीर. मोठ्या बोक्यात हे अंतर अडीच सेंटिमीटर किंवा त्याहून जास्त असतं, भाटीत साधारण त्याच्या निम्मं. नसबंदीनंतर बोक्याची पिशवी सपाट होते, पण अंतर जात नाही. शंका आली तर एकाच वेताची दोन पिल्लं शेजारी-शेजारी धरावीत, फरक आपोआप दिसतो. देवनागरी वाचणाऱ्याला तर हे फारच सोपं आहे : बोका म्हणजे शेपटीखालचा विसर्ग. निधनवार्तेत 'दुखद' छापलं म्हणून संपादकाला पत्र पाठवणारा हा माणूस, विसर्गासाठी जन्मभर भांडलेला, आणि जिथे विसर्गाच्या असण्या-नसण्यावर सगळा निकाल ठरतो तिथे मात्र तो बघायला तयार नाही.

कुणी म्हणेल, त्यांना ते असभ्य वाटत असेल. तसं असतं तर भर जिन्यात, चार मजल्यांना ऐकू जाईल अशा आवाजात त्यांनी निकाल दिला नसता. अडचण वेगळीच आहे. शेपटी कुणीही उचलू शकतं. वॉचमनही उचलू शकतो, आणि बरोबर सांगूही शकतो. जी पद्धत काकांना आणि वॉचमनला एकाच पायरीवर आणते ती काकांच्या लेखी पद्धतच नव्हे.

मग हात न लावता, दुरून ओळखायची रीत त्यांना दिली तर? ती आहे, आणि अगदी त्यांच्या प्रकृतीला मानवणारी आहे. 12 जुलै 1961ला पानशेतचं धरण फुटून पेठा पाण्याखाली गेल्या. त्याच वर्षी इंग्लंडमध्ये मेरी लायन या संशोधिकेनं मादीच्या शरीरातल्या प्रत्येक पेशीत दोनपैकी एक एक्स गुणसूत्र बंद पडतं, अशी मांडणी केली. तिचा पुरावा उंदरांच्या कातडीवरच्या ठिपक्यांत होता, पण सगळ्यात देखणं उदाहरण मांजराचं. केशरी रंग ठरवणारं जनुक एक्सवर असतं. त्याची नेमकी ओळख जपान आणि अमेरिकेतल्या दोन गटांनी 2025 साली छापून जाहीर केली. बोक्याकडे एक्स एकच, म्हणून तो एकतर केशरी नाहीतर काळा. भाटीकडे दोन, त्यातला एक केशरीचा आणि दुसरा काळ्याचा असेल तर कुठल्या पेशीत कुठला बंद पडेल याचा नेम नाही, आणि अंगावर दोन्ही रंगांचे तुकडे उमटतात. तेव्हा काळं आणि केशरी एका अंगावर दिसलं की ती भाटी, समोरच्या गच्चीवर असली तरी. अपवाद साधारण 3000त 1, आणि तो बोका जास्तीचं एक एक्स घेऊन आलेला, बहुधा वांझ. अख्खं केशरी मांजर असेल तर ते पाचात चार वेळा बोका निघतं. काकांना हे सांगितलं तर उत्तर ठरलेलं : "रंगावरून कुठे कळतं का हो!" मिशांवरून कळतं, रंगावरून नाही. बेलफास्टच्या क्वीन्स विद्यापीठात 2009 साली मांजरांना बरणीतून मासा काढायला लावलं तेव्हा बहुतेक भाट्या उजवा पंजा घालत आणि बोके डावा, हे तर त्यांना सांगूच नये. केशरी मांजराला ते बोका म्हणतात आणि बहुतेकदा बरोबर ठरतात, हे खरं. पण ते काळ्यालाही बोकाच म्हणतात आणि तिरंगी मांजरालाही.

यावर हमखास येणारा आक्षेप असा की निम्म्या वेळा तरी ते बरोबर असतातच ना. असतात. निम्मी पिल्लं बोके जन्मतात, त्यात काकांचं काही कर्तृत्व नाही. नाणं उडवलं तरी तेवढंच यश मिळेल. फरक एवढाच, की नाणं अधूनमधून भाटी म्हणेल. काका म्हणत नाहीत. अज्ञानी माणूस दोन्ही बाजूंना चुकतो. जो कायम एकाच बाजूला चुकतो, त्याच्या चुकीमागे काहीतरी कारण असतं, आणि ते कारण काकांमध्ये शोधून सापडत नाही, भोवतीच्या घोळक्यात सापडतं. मुलीनं बुटांचा खोका आणलेला असतो. आई जिन्यात दोन पायऱ्या वर उभी राहून म्हणत असते, "बोका असेल तर ठेवू. भाटी नको बाई, घर पिल्लांनी भरेल." भीती खोटी नाही. भाटी पाचव्या महिन्यातही गाभण राहू शकते, नऊ आठवड्यांत व्यायते, एका वेताला तीन-चार पिल्लं देते, आणि मग पुन्हा. हडपसरच्या एका सदनिकेत तीनशेहून अधिक मांजरं असल्याची बातमी 2025च्या फेब्रुवारीत आली, तेव्हा ती वाचून किती घरांतले खोके परत माळ्यावर गेले असतील कोण जाणे. अशा वेळी "बोकाच" हा शब्द जिन्यात पडतो आणि पिल्लाला घर मिळतं. माणसांमधल्या 'मुलगाच हवा' या हट्टापायी महाराष्ट्राला 1988 साली देशात सर्वांत आधी कायदा करावा लागला. मांजरांच्या बाबतीत तोच हट्ट काकांच्या एका खोट्या शब्दावर भागतो, आणि इथे त्या शब्दानं निदान जीव वाचतो.

डॉक्टर आहेत की, असं कुणी म्हणेल. आहेत, आणि ते शेपटी उचलतात. पण पिल्लू फारच लहान असेल तर ते प्रामाणिकपणे म्हणतात, "आत्ता सांगता यायचं नाही, तीन-चार आठवड्यांनी आणा." हे वाक्य शास्त्राला धरून असलं तरी त्या रात्री खोक्याचं काय करायचं याला ते उत्तर नव्हे. काकांवरचा खरा गंभीर आरोप दुसराच आहे. बोका म्हटल्यामुळे कुणी ऑपरेशनची घाई करत नाही. बोक्याचं ऑपरेशन काही मिनिटांचं. भाटीचं पोट उघडावं लागतं, खर्च जास्त, नंतरची राखणही जास्त, आणि जी भाटी आहे हेच माहीत नाही तिला कोण नेणार? मग एके दिवशी बोका म्हणून ठेवलेला बाजीराव कपाटाच्या खालच्या खणात, ठेवणीतल्या साड्यांवर व्यायतो. इथे काकांचं पितळ उघडं पडावं, पण पडत नाही. "मी तेव्हाच म्हटलं होतं," ते म्हणतात, "या बोक्याचं काही खरं नाही." आणि लोक ऐकून घेतात, कारण बाजीरावचं आता नावही बदलायचं नसतं आणि त्याला बाहेरही घालवायचं नसतं, डॉक्टरांच्या कार्डावर नावापुढे कंसात 'मादी' लिहून घरानं तो विषय संपवलेला असतो. घरातल्या बाई या वेळी काकांना स्वतः बोलावणं धाडतात. खणातल्या चारांपैकी दोन पिल्लं काळी-केशरी आहेत हे त्यांना दिसत असतं. पण भावजय, मैत्रीण, भिशीतल्या दोघी, अशा चार घरी "बोका आहे" असं सांगून झालेलं असतं. काकांची फक्त सही बाकी असते.