बारा आठे शहाण्णव

लिमग्रेव्हला उतरलेल्या प्रवाशाला सर्वांत आधी दिसतं ते आभाळाएवढं सोन्याचं झाड. एर्डट्री त्याचं नाव. ते कुठूनही दिसतं, आणि त्याच्याकडे बघत चालणाऱ्याला समोरून येणारा सोनेरी चिलखतातला घोडेस्वार दिसत नाही. हा ट्री सेंटिनल. नवागतांचं स्वागत त्याच्याकडे असतं आणि ते तो एका घावात उरकतो. मग आपण पुन्हा जिवंत होतो, पुन्हा झाडाकडे बघतो, पुन्हा स्वागत होतं. काही वेळानं झाडाचं कौतुक आपोआप ओसरतं.

'एल्डन रिंग' या गेममधल्या या मुलुखाला 'द लँड्स बिटवीन' म्हणतात. २५ फेब्रुवारी २०२२ ला तो जगभरच्या हौशी लोकांसाठी खुला झाला. घडवला जपानच्या फ्रॉमसॉफ्टवेअरनं, हिदेताका मियाझाकी यांच्या दिग्दर्शनाखाली. पूर्वेतिहास रचून दिला जॉर्ज आर. आर. मार्टिन यांनी. पूर्वेतिहासात देव आहेत, देवांची मुलं आहेत आणि फुटलेल्या वडिलोपार्जित ऐवजाच्या तुकड्यांवरून त्या मुलांमध्ये लागलेली भाऊबंदकी आहे. मराठी वाचकाला याहून जास्त समजावून सांगायला नको.

माझा वाटाड्या म्हणजे माझा भाचा. तो सोफ्यावर आडवा पडून वाट दाखवतो. त्याच्या सल्ल्यानं मी सामुराई झालो आणि हाती उचिगाताना नावाची देखणी तलवार आली. पहिले थोडे रून्स गाठीला आल्यावर मी म्हटलं, ''आता जरा तब्येत वाढवतो.'' रून्स म्हणजे इथला पैसाही आणि अनुभवही. मेलात की जागीच सांडतात. उचलायला जाताना वाटेत पुन्हा मेलात की कायमचे गेले.

''मामा, तब्येत नंतर. आधी तलवार.''

हे त्याचं वाक्य म्हणजे या प्रदेशाची खरी गाइडबुक आहे. इथं माणूस अंगानं कितीही दणकट झाला तरी हातातलं पातं कोरं असेल तर शत्रूला गुदगुल्याच होतात. पातं सुधारायला दगड लागतात. 'स्मिदिंग स्टोन' म्हणतात त्यांना, आणि त्यांना क्रमांक असतात: एक ते आठ. साध्या तलवारीची पहिली पायरी चढायला एक नंबरचे दोन दगड, दुसरीला चार, तिसरीला सहा. चौथ्या पायरीपासून दोन नंबरचे दगड, पुन्हा दोन-चार-सहा. असं आठव्या नंबरापर्यंत. म्हणजे प्रत्येक नंबरचे बारा, आणि बारा आठे शहाण्णव. सत्त्याण्णवावा वेगळाच, त्याच्याकडे पुढे येऊ. शिवाय दर पायरीला लोहाराची मजुरी रून्समध्ये. शाळेत पाढे पाठ करून घेणाऱ्या बाईंना मी इतक्या वर्षांनी मनोमन नमस्कार केला.

पहिल्या तीन पायऱ्या गावातच होतात. चर्च ऑफ एलेह नावाचं छप्पर उडालेलं देऊळ आहे, तिथं काले नावाचा फिरता व्यापारी शेकोटीपाशी बसलेला असतो आणि बाजूला एक ऐरण. लोहार नाही, आपला हात जगन्नाथ. पण तिसऱ्या पायरीपुढे ती ऐरण काम करत नाही. आणि मुळात दगड कुठे आहेत?

दगड खाणीत आहेत. नकाशाचा तुकडा मिळाला की त्यावर लालसर कडेची काळी भोकं दिसतात, त्या खाणी. पहिली खाण अघील तळ्याच्या उत्तरेला. तळ्यात अघील नावाचाच एक ड्रॅगन मुक्कामाला येतो, त्यामुळे काठावर बसून डबा खाण्यासारखी ही जागा नव्हे. खाणीत लाकडी लिफ्टनं उतरायचं. खाली अंधार, आणि अंधारात टक् टक् आवाज. दगडी अंगाचे मजूर भिंतीवर कुदळी घालत असतात. त्यातले बहुतेक आपल्याकडे वळूनही बघत नाहीत. मी सामुराईच्या रुबाबात एकावर वार केला, तर ठण्ण आवाज होऊन तलवार उलटली. या मंडळींवर धार चालत नाही. सोटा, मोगर, हातोडा असलं काहीतरी अडाणी हत्यार लागतं. मजुरानं मात्र कुदळ उगारून आपलं मत स्पष्ट केलं.

मला गंमत वाटली ती वेगळ्याच गोष्टीची. मजूर वर्षानुवर्षं खणतो आहे. त्याच्या डोक्यापासून वीतभर अंतरावर भिंतीत दगड लकलकतो आहे. तो त्याला हात लावत नाही. कुठूनसा एक उपरा येतो, दगड उपटून पोतडीत टाकतो आणि चालू लागतो. या अर्थव्यवस्थेविषयी मी भाच्याशी चर्चा सुरू केली.

''मामा, लेक्चर नको. डावीकडे बघ, अजून एक आहे.''

जमिनीवर जागोजागी इतर प्रवाशांनी लिहून ठेवलेले चमकते निरोप असतात. हजारो मैलांवरचा कुणी अनोळखी माणूस आपल्यासाठी लिहून जातो की पुढे खजिना आहे. पुढे कडा असतो. या निरोपांची लोकप्रियता पाहता माणूसजातीबद्दल माझं मत होतं तेच राहिलं.

खाणीच्या टोकाला एक अवाढव्य ट्रोल बसलेला असतो. त्याचं वर्णन करत नाही. तो दिसतो थोडा वेळ आणि पाय दिसतात फार वेळ.

तळ्यातच ड्रॅगननं जाळलेल्या वास्तूंचे अवशेष आहेत. तिथल्या तळघरात एक पेटी आहे. पेटी म्हटली की ती उघडायची, हा प्रवाशाचा धर्म. ही उघडली की आतून धूर निघतो आणि डोळे उघडतात ते केलिडमध्ये, सेलिया क्रिस्टल टनेल नावाच्या दुसऱ्याच खाणीत. केलिड हा नवख्यानं जाऊ नये असा प्रांत: लाल आभाळ, सडलेली जमीन, कुत्रीसुद्धा डायनासोरच्या मापाची. खाणीत माणसाएवढे किडे, आणि त्यांची नेमबाजी उत्तम. बाहेरचा उजेड दिसेपर्यंत मी इतक्यांदा मेलो की मामीनं स्वयंपाकघरातून विचारलं, ''एवढं ओरडायला काय झालंय? जाग्यावरच तर बसलाय ना?'' त्याच खाणीच्या शेवटी आभाळातून पडलेला एक शिंगाळ पशू असतो आणि त्याला मारलं की चांगलं घबाड मिळतं. ते मला भाच्याकडून कळलं. मी त्या दिशेला गेलोच नाही.

तिसऱ्या पायरीपुढचं काम होतं ते राउंडटेबल होल्ड नावाच्या ठिकाणी. तिथं चालत जाता येत नाही. आमंत्रण यावं लागतं. मेलिना नावाची गूढ बाई ते देते. आत मोठं गोल टेबल, गालिचे, शेकोटी आणि एक नियम: इथं शस्त्र उपसायचं नाही. मला तर नियम पाळणारी ही एवढी एकच जागा त्या देशात आढळली. आणि याच अहिंसक वास्तूच्या एका खोलीत देशातला सर्वांत मोठा लोहार बेड्या घालून बसवलेला आहे.

त्याचं नाव ह्यूग. जमातीनं मिसबिगॉटन, म्हणजे इथल्या समाजानं ओवाळून टाकलेला. मारिका राणीनं त्याला कैद करून एकच काम दिलं आहे: देवाला मारू शकेल असं शस्त्र घडव. राणी स्वतःच देव आहे, तेव्हा हा हुकूम तिनं नेमका कुणासाठी काढला यावर विद्वान अजून भांडताहेत. ह्यूग भांडत नाही. तो घण घालतो. या कंपनीच्या गेममध्ये लोहार हेच नेहमी सर्वांत सभ्य पात्र असतं. २०११ च्या 'डार्क सोल्स'मध्ये आंद्रे होता, पांढऱ्या दाढीचा, उघड्या अंगाचा; एका पडक्या चर्चखाली त्याच्या घणाचा आवाज कानी पडला की जिवात जीव यायचा. बाकी सगळे तुम्हाला मारायला किंवा कोड्यात बोलायला टपलेले. लोहार तेवढा कामाचं बोलतो.

ह्यूगच्या खोलीपासून हाकेच्या अंतरावर शेकोटीपाशी रॉडरिका येऊन बसते. लाल टोपडं घातलेली घाबरट मुलगी. तिला आत्म्यांचं ऐकू येतं, हे ह्यूगच्या लक्षात येतं. पण ते तो तिला सांगत नाही, आपल्याला सांगतो. आपण तिच्याकडे जायचं. ती म्हणते, मला जमेल का? आपण त्याच्याकडे. तो म्हणतो, मी कैदी, मी काय शिकवणार? आपण तिच्याकडे. पत्रिका हातात घेऊन दोन्हीकडचे उंबरठे झिजवणाऱ्या मध्यस्थाइतके हेलपाटे घातल्यावर एकदाचं ठरतं, आणि रॉडरिका त्याच्याशेजारी बसून तुमच्या मदतीला येणाऱ्या भुतांना बळ द्यायला लागते. त्यासाठी ग्लोव्हवर्ट नावाची फुलं लागतात. ती थडग्यांच्या भुयारांत उगवतात. म्हणजे आता दगडांसाठी खाणी आणि फुलांसाठी थडगी. तीर्थयात्रा वाढली.

तोवर माझ्या लक्षात आलं होतं की या देशाचा भूगोल शिकायचा तो दगडांच्या नंबरांवरून. लिमग्रेव्ह म्हणजे एक नंबर. आल्टसच्या पठाराकडे सरकाल तसे नंबर वर चढतात, बर्फाळ डोंगरात आणखी वरचे. दोन प्रवासी भेटले तर कुठपर्यंत पोचलात असं विचारत नाहीत. भाच्याच्या मित्राचा फोन आला तेव्हा त्यानं क्षेमकुशल टाळून एवढंच विचारलं, ''मामांची प्लस किती झाली?'' प्लस म्हणजे तलवार चढलेली पायरी. मी अभिमानानं ''आठ'' म्हणालो. पलीकडे जी शांतता पसरली तिला आदर म्हणता येणार नाही.

अडचण अशी की एखाद्या नंबरचे दगड ऐन वेळी आटतात. सुरुवातीला ही टंचाई इतकी होती की मार्च २०२२ मधल्या पॅचनं काही शत्रूंकडून दगड मिळण्याचं प्रमाण वाढवलं आणि सुरुवातीच्या काही दुकानांत दगड ठेवले. कायमचा इलाज म्हणजे 'बेल बेअरिंग'. ही दगडांच्या घाऊक पुरवठ्याची किल्ली. लियुर्निया प्रांतातल्या राया लुकारिया क्रिस्टल टनेलमध्ये स्फटिकाचा एक गडी उभा असतो. त्याचा तोल मोडेपर्यंत तो आपल्या वारांची दखलसुद्धा घेत नाही. तो पडला की पहिली बेल बेअरिंग मिळते. ती राउंडटेबलमधल्या मुक्या जुळ्या आकृतीकडे द्यायची, मग एक आणि दोन नंबरचे दगड तिथं हवे तेवढे विकत मिळतात. त्या दिवशी मी गरज नसताना दगड घेतले. संपन्नतेची सवय नव्हती.

आणि मग नव्या तलवारी दिसायला लागल्या. हा मुलुख निर्दयी आहे तो इथं. केलिडच्या गेल टनेलमध्ये एक आगओक्या अजस्र सरडा आहे. तो मेला की मूनव्हेल मिळते. निळसर चांदण्याचं पातं, हवेत लाट सोडणारं. मी ती उचलली आणि अटी वाचल्या: बुद्धी २३ हवी. सामुराईची जन्मजात बुद्धी ९.

''मामा, तुझी कितीये?''

''नऊच आहे अजून.''

''हो ना, ते दिसतंच आहे.''

शिवाय मूनव्हेलसारख्या खास हत्यारांना साधे दगड चालत नाहीत, 'सोंबर' जातीचे लागतात. त्यांचा हिशेब सोपा: दहा पायऱ्या, दर पायरीला एकच दगड. पण जुन्या तलवारीत घातलेले दगड परत मिळत नाहीत. त्यामुळे कोऱ्या राजकन्येपेक्षा घासूनपुसून तयार केलेली आपली उचिगातानाच जोरात लागते, आणि पोतडीत एकाहून एक सुंदर शस्त्रं नुसती पडून राहतात.

सत्त्याण्णवावा दगड प्राचीन ड्रॅगनचा. तो हवा म्हणून आम्ही फरम अझुलाला गेलो. वादळात तरंगणारं, तुकड्यातुकड्यांनी ढासळणारं शहर. रस्ता अर्धा असतो, उरलेली उडी. हा दगड म्हणजे ड्रॅगनचा खवला, त्यात काळाला किंचित पीळ पडलेला असतो आणि त्यामुळेच त्यानं देवाला मारणारं हत्यार होतं, असं त्याच्यावरच लिहिलेलं आहे. ह्यूग ज्यासाठी बेड्यांत बसलाय ते हेच. आम्ही दगड घेऊन परतलो तोवर एर्डट्रीला आग लागली होती, राउंडटेबल जळत होतं, म्हाताऱ्याला मी कोण हेही नीट आठवत नव्हतं. मजुरी मात्र त्या आगीतही त्यानं चोख सांगितली.

तलवार प्लस चोवीस. पोतडीत तो एक दगड.

''लाव ना,'' भाचा म्हणाला.

''लावतो. पण समजा पुढे याहून चांगली तलवार मिळाली तर?''

''मामा, पुढे काही नाही. पुढे शेवटचा बॉस आहे.''

''त्याच्याकडे असेल एखादी.''

भाच्यानं जरा विचार केला. ''आहे खरी. पण तिला सोंबर लागतो.''