मानेवरचा साप आणि पानावरची सुपारी

अकोल्याहून हावडा मेलमध्ये बसणारा माणूस कालीघाट, दक्षिणेश्वर आणि रसगुल्ला एवढी यादी पाठ करून निघतो. रेल्वेतून निवृत्त झालेल्या काकांच्या यादीत मात्र पहिलं नाव होतं कोलकात्याचं गार्डन रीच. बंगाल-नागपूर रेल्वेचा कारभार इथून चाले. आज दक्षिण पूर्व रेल्वेचं मुख्यालय इथेच आहे. नावात ‘नागपूर’ असलेल्या कंपनीचं हापिस पाहिल्याशिवाय काकांना देव दिसणार नव्हता. काकू तयार झाल्या त्या नावात ‘गार्डन’ आहे म्हणून.

टॅक्सी गार्डन रीचमधल्या मटियाबुर्जला थांबली. समोर कपड्यांच्या गठ्ठ्यांनी वाकलेल्या हातगाड्या, लहान मुलांच्या फ्रॉकांचे ढीग, आणि गल्लीगल्लीतून शिलाई मशिनींची खडखड. तयार कपड्यांच्या धंद्याची ही मोठी पेठ. इथल्या उस्ताद शिंप्यांना ‘ओस्तागर’ म्हणतात.

“बाग कुठी हाय जी?” काकूंनी विचारलं.

बाग होती, पण फार पूर्वी. हुगळीच्या या काठावर आधी गोऱ्या साहेबांचे बंगले होते. 1856 मध्ये इंग्रजांनी अवध खालसा केलं आणि पदच्युत नवाब वाजिद अली शाह इथे येऊन राहिला. वर्षाला बारा लाखांची नेमणूक घेऊन त्याने मटियाबुर्जात धाकटं लखनौच वसवलं. कवी, गवई, आचारी, कबुतरबाज, सगळे मागोमाग आले. नवाब गेला 21 सप्टेंबर 1887 रोजी, आणि त्याच 1887 मध्ये बंगाल-नागपूर कंपनी स्थापन झाली. काकांना हा योगायोग फार आवडला. एक गाडी सुटली, दुसरी लागली.

नवाबाची कबर इथल्या सिब्तैनाबाद इमामबाड्यात आहे. चपला काढून दोघं आत गेली. वर झुंबरं, आत गारवा. काकांनी आवाज खाली आणून, वाचून आणलेली हकीकत सुरू केली.

वाजिद अलीच्या जन्माच्या वेळी ज्योतिष्यांनी सांगितलं होतं म्हणे, की पोरगा जोगी होणार. राजघराण्यात ही बातमी म्हणजे कपाळाला हात. उतारा निघाला तो असा, की दर वाढदिवसाला पोराला जोग्याचे कपडे घालायचे. भविष्य आपणच थोडंथोडं उरकून टाकलं की पुढे एकदम अंगावर येत नाही. पोरगा मोठा झाला, गादीवर बसला आणि त्याने या उताऱ्याचा जलसा केला. लखनौच्या कैसरबागेत जोगियांचा मेळा भरायचा, लोक भगवे घालून यायचे, आणि नवाब स्वतः जोगी होऊन बसायचा. त्याच्या अंगाला फासलेली राख मोती जाळून केलेली असे, अशीही वर्णनं आहेत.

“एवढ्यात तर संन्यास स्वस्त पडला असता,” काकू म्हणाल्या.

दुसरी हकीकत लखनौचा इंग्रज रेसिडेंट स्लीमन याने लिहून ठेवली आहे. नवाबाला गादीवरून खेचायचं कारण शोधणाऱ्यांचा तो साक्षीदार, त्यामुळे त्याचे शब्द थोडे चाळूनच घ्यावेत. काही बायकांच्या मानेवर केसांचा भोवरा सापाच्या वेटोळ्यासारखा असतो आणि तो घराचा नाश करतो, असं नवाबाच्या मनात भरवण्यात आलं. झालं! जनानखान्यात माना तपासायची मोहीम निघाली. ज्यांच्या मानेवर ‘साप’ सापडला, त्यांची सोडचिठ्ठी तयार. सोडलेल्यांत बेगम हजरत महल होती असं सांगतात. 1857 मध्ये इंग्रजांशी लखनौ लढवलं ते हिनेच.

गंमत पुढे आहे. मानेवरच्या केसांच्या सापाला भ्यालेल्या या माणसाने मटियाबुर्जात जिवंत सापांचा डोंगर उभारला. लहानपण याच वस्तीत गेलेला लेखक अब्दुल हलीम शरर त्याचं वर्णन करतो: मधे कृत्रिम डोंगर, भोवती पाण्याचा खोल हौद, कडा इतक्या गुळगुळीत की साप वर चढूच नये. आत बेडकांचा पाठलाग चाललेला, काठावर प्रेक्षक दंग.

“आणि तुमच्या डोक्यातले दोन भोवरे?” काकूंनी विषय घरावर आणला. दोन भोवरेवाल्याची दोन लग्नं होतात, हे वऱ्हाडात पोरंसोरंही सांगतात. त्या चाळीस वर्षं दुसरीवर पाळत ठेवून होत्या. काकांनी टोपी घट्ट केली.

तसं वऱ्हाडाने नवाबाला हसायचं कारण नाही. बुलढाणा जिल्ह्यातल्या भेंडवळला अक्षय तृतीयेच्या संध्याकाळी शेतात घट मांडतात. गोलाकार अठरा धान्यं, मधल्या खड्ड्यात पावसाळ्याच्या चार महिन्यांची चार ढेकळं, त्यांवर पाण्याची घागर, तिच्यावर पुरी, पापड, करंजी. पुरी म्हणजे पृथ्वी. खड्ड्यात विड्याचं पान आणि त्यावर सुपारी, म्हणजे गादी आणि राजा. रात्रभर तिकडे कुणी फिरकत नाही. पहाटे कुठला दाणा सरकला, कुठलं ढेकूळ भिजलं, ते पाहून पाऊस, पीक आणि राज्यकारभार सांगतात. काका या गोष्टी मानत नाहीत. दरवर्षी सकाळच्या पेपरात फक्त बघतात.

दुपारी बिर्याणी. तिच्यातला बटाटा नवाबाच्या आचाऱ्यांनी घातला असं कोलकाता मानतं. पैसा आटला म्हणून, की तेव्हा बटाटा अपूर्वाईचा होता म्हणून, यावर वाद आहे. चोवीस हजारांना कबुतरांची जोडी घेणाऱ्याला मटण महाग पडावं, हे काकांना पटेना. पण बटाटा त्यांनी आधी संपवला.

जेवण झालं. काकूंनी बटव्यातून अडकित्ता काढला आणि टेबलावर पान पसरून त्यावर सुपारी ठेवली. एवढ्यात पोऱ्याने फडकं मारलं. टेबल डुगडुगलं, सुपारी घरंगळली आणि खाली कुठेतरी गेली.

दोघंही रिकाम्या पानाकडे पाहत राहिली.

“गेली जी गादी,” काकू हळूच म्हणाल्या.

काका वाकले, टेबलाखाली डोकं घातलं. सुपारी शेजारच्या टेबलाच्या पायाशी निवांत बसली होती.

“गेली नाही,” खालून आवाज आला, “नुसती सरकली.”